डोळे निरोगी, तरी दृष्टी अडते: एफएनडीमधील डोळ्यांच्या तक्रारी कशा ओळखाव्यात आणि कशा हाताळाव्यात

डोळ्याच्या पडद्याची तपासणी झाली, डोळ्यांतील दाब मोजला, एमआरआयही झाला आणि सगळे अहवाल निर्दोष आले. तरीही माणसाला एका डोळ्याने दिसत नाही, एकाच्या जागी दोन दिसतात किंवा डोळे अचानक थरथरू लागतात. अशा वेळी बहुतेक कुटुंबांना दोनच वाक्ये ऐकायला मिळतात: ‘तुम्हाला काहीही झालेले नाही’ आणि ‘टेन्शन घेऊ नका’. या दोन्ही वाक्यांचा रुग्णाला उपयोग होत नाही. अशा तक्रारींचा एक मोठा गट वैद्यकशास्त्राला चांगला परिचित आहे. त्याला कार्यात्मक चेतासंस्था विकार, म्हणजेच फंक्शनल न्यूरोलॉजिकल डिसऑर्डर, थोडक्यात एफएनडी म्हणतात. या विकाराचे निदान निव्वळ ‘रिपोर्ट नॉर्मल’ या आधारावर करायचे नसते. त्याच्या स्वतःच्या खुणा असतात, त्या तपासणीत दिसतात आणि रुग्णाला दाखवताही येतात. पुढील मार्गदर्शन रुग्णासाठी आणि त्याच्या घरच्यांसाठी आहे. त्यातील बराचसा भाग या खुणांविषयी आहे, कारण बरे होण्याची सुरुवात बहुतेकदा त्या समजण्यापासून होते.

नेमके काय बिघडते

पाहण्याचे काम डोळे एकट्याने करत नाहीत. पडद्यावर उमटलेली प्रतिमा डोळ्याच्या नसेतून मेंदूच्या मागच्या भागात पोहोचते आणि मेंदू पूर्वानुभव, अपेक्षा व त्या क्षणीचे लक्ष यांच्याशी सांगड घालून तिचा अर्थ लावतो. एफएनडीमध्ये नेमकी ही सांगड विस्कटते, असे आज या क्षेत्रातील बहुतेक संशोधक मानतात. ‘या डोळ्याने दिसणार नाही’ असा अंदाज मेंदू नकळत इतका घट्ट धरून बसतो की डोळ्याने पाठवलेली माहिती जाणिवेपर्यंत पोहोचतच नाही. पेटीचा भाता आणि सूर शाबूत असताना वाजवणाऱ्याची बोटे अडखळावीत, तसा हा प्रकार आहे. अवयव नष्ट झालेला नसतो, त्याचा वापर बिघडलेला असतो. म्हणूनच हा विकार त्रासदायक असला तरी सुधारण्याजोगा आहे.

रुग्ण हे मुद्दाम करत नाही, ही गोष्ट घरातील प्रत्येकाने आधी मान्य करावी. एकोणिसाव्या शतकात पॅरिसच्या साल्पेत्रिएर रुग्णालयात मेंदूविकारतज्ज्ञ जाँ-मार्तँ शार्को यांनी अशा रुग्णांच्या आक्रसलेल्या दृष्टिक्षेत्राची नोंद केली, तेव्हा त्याला हिस्टेरिया म्हटले गेले. पहिल्या महायुद्धात आंधळे, मुके किंवा लुळे होऊन परतलेल्या अनेक सैनिकांवर ढोंगाचा आळ आला आणि काहींना ‘उपचार’ म्हणून विजेचे झटकेही देण्यात आले. मानसिक आघात सापडलाच पाहिजे ही जुनी अट अमेरिकन मानसोपचार संघटनेच्या निदानसूचीने 2013 मध्ये काढून टाकली, कारण अनेक रुग्णांच्या बाबतीत असा आघात सापडत नाही. मायग्रेनचा झटका, डोक्याला लागलेला मार, डोळ्याला झालेली किरकोळ जखम, एखाद्या औषधाचा त्रास किंवा पॅनिक अटॅक यांच्यानंतरही हा विकार सुरू होऊ शकतो. काहींच्या आयुष्यात मोठा ताण असतो आणि त्यावर उपचार करणे गरजेचे असते. मात्र ताण शोधून काढणे म्हणजे निदान नव्हे.

हा विकार दुर्मीळही नाही. स्कॉटलंडमधील मेंदूविकार बाह्यरुग्ण विभागांत आलेल्या 3,781 नव्या रुग्णांच्या पाहणीत डोकेदुखीच्या खालोखाल कार्यात्मक व मानसिक स्वरूपाच्या तक्रारींचा क्रमांक लागला, त्यांचे प्रमाण सुमारे 16 टक्के होते.

आधी तातडीच्या कारणांना जागा द्यावी

कोणतीही नवी दृष्टितक्रार ‘कार्यात्मकच असेल’ असे घरी बसून ठरवू नये. याआधी एफएनडीचे निदान झालेले असले तरी हा नियम पाळावा. एका डोळ्याची दृष्टी अचानक जाणे, नजरेसमोर पडदा सरकल्यासारखे वाटणे किंवा विजा चमकणे, डोळा लाल होऊन दुखणे आणि दिव्यांभोवती वलये दिसणे, डोळा हलवताना आत दुखणे, पापणी पडून बाहुली मोठी होणे आणि दोन दिसणे, जोडीला हात-पाय लुळे पडणे, बोलणे अडखळणे किंवा असह्य डोकेदुखी, यांपैकी काहीही झाले तर त्याच दिवशी रुग्णालय गाठावे. पन्नाशीनंतर डोकेदुखी, चावताना जबडा दुखणे आणि दृष्टी धूसर होणे एकत्र आले, तर रक्तवाहिन्यांच्या दाहाची शंका घेऊन तातडीने उपचार करावे लागतात, अन्यथा दृष्टी कायमची जाऊ शकते.

काही आजारांत सुरुवातीला डोळा वरून निरोगी दिसतो, हेही ध्यानात ठेवावे. क्षयरोगाच्या उपचारातील इथॅम्ब्युटॉल या गोळीने डोळ्याच्या नसेला इजा होऊ शकते आणि आरंभी नस तपासणीत ठीक दिसते. रुग्णाला मात्र मध्यभागी धूसर दिसते आणि लाल-हिरवे रंग फिके वाटतात. आपल्याकडे क्षयाचे रुग्ण मोठ्या संख्येने असल्यामुळे क्षयाची औषधे चालू आहेत किंवा होती, हे डॉक्टरांनी विचारले नाही तरी आपण सांगावे. लहान मुलांमधील स्टारगार्ट हा पडद्याचा आनुवंशिक आजार, डोळे चोळणाऱ्या तरुणांमधील केराटोकोनस (बुबुळावरचा पारदर्शक भाग शंकूसारखा पुढे येणे), लेबर यांच्या नावाने ओळखला जाणारा डोळ्याच्या नसेचा आनुवंशिक विकार, मायस्थेनिया (स्नायू लवकर थकण्याचा आजार) आणि मेंदूच्या मागच्या भागाला बसलेला लकवा ही अशीच आणखी काही उदाहरणे आहेत. म्हणून थेंब टाकून बाहुली मोठी करून केलेली पूर्ण तपासणी, पडद्याचे थर दाखवणारा ओसीटी स्कॅन आणि डॉक्टरांना आवश्यक वाटल्यास एमआरआय एकदा नीट व्हावे. मग त्याच तपासण्या दर महिन्याला वेगवेगळ्या केंद्रांत पुन्हा करत राहू नये. चुकीच्या निदानाची भीती स्वाभाविक आहे. 2005 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या आढाव्यानुसार कार्यात्मक लक्षणांच्या निदानातील चुकांचे प्रमाण 1950 च्या दशकात 29 टक्के होते, तर 1970 नंतर ते सुमारे 4 टक्क्यांपर्यंत खाली आले.

तपासणीला जाताना

शक्य असल्यास न्यूरो-ऑप्थॅल्मॉलॉजिस्ट, म्हणजे डोळे आणि मेंदू यांच्या परस्परसंबंधांचे तज्ज्ञ, यांची भेट घ्यावी. चेन्नईचे शंकर नेत्रालय, मदुराईचे अरविंद नेत्र रुग्णालय यांसारख्या मोठ्या नेत्रसंस्थांत असे विभाग आहेत. त्यांच्यापर्यंत जाणे शक्य नसेल, तर मुंबईचे केईएम किंवा पुण्याचे ससून यांसारख्या वैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयांत नेत्रविभाग आणि मेंदूविकार विभाग एकाच आवारात असतात. अशा ठिकाणी दोन्ही विभागांच्या डॉक्टरांनी एकमेकांच्या नोंदी पाहाव्यात, असा आग्रह धरावा.

सोबत आधीचे केसपेपर, चष्म्याचे जुने-नवे नंबर आणि चालू असलेल्या सर्व औषधांची यादी न्यावी. त्या यादीत उलटीची, चक्कर येण्याची व झोपेची औषधे आवर्जून लिहावीत. डोळे फिरणे, थरथरणे किंवा पापणी मिटणे असे झटके येत असतील, तर मोबाईलवर एक व्हिडिओ घ्यावा. त्यात चेहरा, दोन्ही डोळे आणि बाहुल्या शक्य तितक्या स्पष्ट दिसाव्यात आणि उजेड पुरेसा असावा. असा एक चांगला व्हिडिओ पुष्कळ वर्णनापेक्षा जास्त सांगतो, कारण डॉक्टरांच्या खोलीत झटका येईलच असे नाही. थेंब टाकल्यावर काही तास धूसर दिसते, तेव्हा सोबत कोणीतरी असावे आणि स्वतः गाडी चालवत जाऊ नये.

दिसण्याच्या तक्रारींतील खुणा

या विभागातील चाचण्यांचा उद्देश रुग्णाला ‘पकडणे’ हा नाही, हे आधी स्पष्ट करतो. पाहण्याची यंत्रणा कुठपर्यंत शाबूत आहे, हे त्या दाखवतात. माझ्या मते प्रत्येक डॉक्टरने त्यांचा निष्कर्ष रुग्णाला समोर बसवून समजावून सांगावा.

सर्वांत जुनी आणि अजूनही उपयोगी खूण दृष्टिक्षेत्राची आहे. एखाद्याला नळीतून पाहावे तसे फक्त मधले दिसत असेल, तर डॉक्टर त्याचे क्षेत्र एक मीटरवरून मोजतात आणि मग दोन मीटरवरून, लक्ष्यवस्तू दुप्पट मोठी करून, पुन्हा मोजतात. डोळ्याच्या किंवा नसेच्या आजारात अंतर दुप्पट झाले की दिसणारे वर्तुळही साधारण दुप्पट रुंद होते, कारण प्रकाश सरळ रेषेत येतो आणि दृष्टिक्षेत्र शंकूसारखे पसरत जाते. कार्यात्मक विकारात वर्तुळ दोन्ही अंतरांवर तेवढेच राहते. भूमितीच्या नियमात न बसणारी ही नळी कोणत्याही नसेच्या इजेने तयार होत नाही. दृष्टिक्षेत्र मोजणाऱ्या गोल्डमन यंत्रावर हलत्या प्रकाशाने क्षेत्र काढताना ते क्रमाने आक्रसत जाऊन सर्पिल आकृती तयार होते, हीदेखील एक परिचित खूण आहे. संगणकावरची नेहमीची फील्ड टेस्ट मात्र दमलेल्या किंवा घाबरलेल्या कोणाचीही बिघडू शकते, म्हणून केवळ तिच्यावर निदान उभे करू नये.

एकाच डोळ्याने अजिबात दिसत नसल्याची तक्रार असेल, तर बाहुल्यांची तपासणी निर्णायक ठरते. एका डोळ्याच्या नसेला मोठी इजा असेल, तर बॅटरीचा झोत एका डोळ्यावरून दुसऱ्यावर नेताच बाधित डोळ्याची बाहुली आकुंचन पावण्याऐवजी मोठी होते. दृष्टी जवळजवळ गेलेली असूनही हे लक्षण दिसले नाही, तर नस शाबूत असल्याचा तो भक्कम पुरावा असतो. दोन्ही डोळ्यांना सारखीच इजा असेल किंवा दोष मेंदूच्या मागच्या भागात असेल, तर या चाचणीवर विसंबता येत नाही. तेथे एमआरआयचे महत्त्व वाढते.

याच तक्रारीत आणखी दोन चाचण्यांतून बरेच कळते. पहिलीत दोन्ही डोळे उघडे ठेवून चांगल्या डोळ्यापुढे हळूहळू जाड भिंगे बसवली जातात, इतकी की त्या डोळ्याला काहीच स्पष्ट दिसू नये. तरीही रुग्ण तक्त्यावरच्या ओळी वाचत असेल, तर त्या ओळी ‘न दिसणाऱ्या’ डोळ्याने वाचलेल्या असतात. दुसरी चाचणी खोलीच्या जाणिवेची आहे. विशेष चष्मा घालून 40 आर्क-सेकंदांइतका (आर्क-सेकंद म्हणजे एका अंशाचा 3,600वा भाग) सूक्ष्म उठाव ओळखता आला, तर दोन्ही डोळ्यांची दृष्टी चांगली असलीच पाहिजे, कारण त्याशिवाय तो उठाव जाणवतच नाही.

दोन्ही डोळ्यांनी काहीच दिसत नसेल, तर काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांचा ड्रम समोर फिरवतात किंवा मोठा आरसा चेहऱ्यापुढे धरून तिरका करतात. पट्ट्यांमागे डोळे आपोआप सरकले आणि झटक्याने परत आले, किंवा आरशातील प्रतिबिंबामागे वळले, तर काही दृष्टी निश्चित आहे. पट्ट्या फिरत असतानाही डोळे स्थिर राहिले, तर त्याचा अर्थ लावताना सावध राहावे, कारण लक्ष दुसरीकडे नेऊन ही हालचाल थांबवता येते. स्वतःच्या दोन बोटांची टोके एकमेकांना टेकवणे किंवा सही करणे यांसाठी दृष्टी लागत नाही, कारण हात कुठे आहेत हे शरीराला न पाहताही कळते. खऱ्या अंधत्वात या गोष्टी जमतात आणि कार्यात्मक विकारात कधीकधी अडतात. सहा मीटरवरून एखादी ओळ वाचणाऱ्याला तीन मीटरवर तिच्या निम्म्या आकाराची ओळ वाचता यायला हवी, आणि ती येत नसेल तर तीही नोंद घेण्याजोगी विसंगती असते.

दृष्टीचा विद्युत आलेख, म्हणजे व्हीईपी, पुष्कळदा सांगितला जातो. तो निर्दोष आल्यास दिलासा मिळतो. बिघडलेला आला तर मात्र डोळ्यांवरचा ताण, चुकीचा नंबर किंवा नजर स्थिर न ठेवणे यांपैकीही काही कारण असू शकते. एका बिघडलेल्या व्हीईपीवरून नस खराब असल्याचा निष्कर्ष काढू नये.

डोळ्यांच्या हालचालींतील खुणा

कार्यात्मक विकारात डोळ्यांच्या हालचालींचा बिघाड सर्वाधिक दिसतो तो जवळ पाहण्याच्या क्रियेच्या आकडीत, म्हणजे ती क्रिया आवळून अडकून राहण्यात. जवळचे पाहताना निरोगी डोळ्यांत तीन गोष्टी एकदम घडतात: दोन्ही डोळे नाकाकडे वळतात, बाहुल्या आकुंचन पावतात आणि भिंगाचा फोकस जवळ येतो. ही क्रिया दूरचे पाहतानाही चालू राहिली, तर डोळे तिरळे होतात, दोन दिसतात, दूरचे धूसर होते आणि कपाळ दुखते. वरवर पाहता हा प्रकार डोळ्याला बाहेर वळवणारी नस लुळी पडल्यासारखा दिसतो. त्यामुळे रुग्णाच्या वाट्याला उगाच धास्ती आणि तपासण्या येतात. फरक बाहुलीत असतो. डोळा बाहेर वळवताना बाहुली बारीक होत असेल, आणि दुसरा डोळा झाकल्याबरोबर तोच डोळा पूर्णपणे बाहेर वळून बाहुली पुन्हा मोठी होत असेल, तर ती जवळ पाहण्याची आकडी आहे. या आकडीत ऋण नंबर अचानक खूप वाढलेला निघतो आणि सायक्लोपेन्टोलेट किंवा अॅट्रोपिनचे, म्हणजे फोकस सैल करणारे, थेंब टाकल्यावर तो उतरतो. म्हणून काही आठवड्यांत नंबर एकाएकी वाढला, तर थेंब टाकून तपासल्याशिवाय नवा चष्मा करू नये. डोक्याला मार लागल्यानंतर किंवा क्वचित मेंदूच्या आजारातही अशी आकडी येऊ शकते, म्हणून इतर लक्षणे असतील तर त्यांचा शोध घ्यावा.

दुसरा प्रकार डोळ्यांच्या थरथरीचा आहे. डोळे आडव्या दिशेने अतिशय जलद, बारीक झटक्यांनी हलतात. बहुधा काही सेकंदच हे चालते, कारण ते फार थकवणारे असते. सोबत पापण्या फडफडतात, चेहरा आवळला जातो किंवा डोळे नाकाकडे वळतात. आजूबाजूचे सगळे हलताना दिसल्यामुळे रुग्ण घाबरतो. लक्ष दुसरीकडे वळले की थरथर थांबते, ही येथील महत्त्वाची खूण आहे. झोपेतही चालू राहणारी, सर्व दिशांना बेशिस्त फिरणारी सततची हालचाल याहून वेगळी असते. लहान मुलात ती दिसली, तर न्यूरोब्लास्टोमा या गाठीसह इतर कारणे तातडीने शोधावी लागतात.

पापणी मिटण्याच्या तक्रारीत घरच्यांनाही भुवईकडे पाहता येते. पापणी उचलणारा स्नायू कमजोर असेल, तर माणूस कपाळाला आठ्या घालून भुवई वर ओढतो. कार्यात्मक प्रकारात डोळा मिटणारा स्नायू आवळलेला असतो, म्हणून भुवई खाली येते आणि खालची पापणी किंचित वर सरकते. संध्याकाळी वाढणारी व विश्रांतीने सुधारणारी पापणी मायस्थेनियाची असू शकते. मिटलेल्या पापणीवर दोन मिनिटे बर्फाची पिशवी ठेवून ती उचलली जाते का, हे डॉक्टर पाहतात.

डोळे वर चढून तिथेच अडकले आणि मान ताठरली, तर प्रथम औषधांचा विचार करावा. उलटी थांबवणारे मेटोक्लोप्रामाइड किंवा मानसोपचारातील हॅलोपेरिडॉल यांमुळे, विशेषतः तरुणांमध्ये, असे होते आणि योग्य इंजेक्शनने ते लवकर उतरते. आपल्याकडे अशा प्रसंगाला ‘अंगात आले’ किंवा ‘बाहेरची बाधा’ समजून भगताकडे नेण्याचे प्रकार अजूनही घडतात. त्यात उपचाराचे तास वाया जातात आणि रुग्णाला मारहाण झाली तर नवी इजा होते. अशा अमानुष प्रथांविरुद्ध महाराष्ट्रात 2013 पासून कायदा आहे.

निदान कसे ऐकावे, काय विचारावे

डॉक्टरांनी एफएनडी हा शब्द उच्चारला की अनेक रुग्णांना तो ‘नाटक’ या शब्दाचा सौम्य पर्याय वाटतो. अशा वेळी खोलीतून उठून जाण्याऐवजी तीन प्रश्न विचारावेत: माझ्या तपासणीत कोणत्या खुणांवरून हे निदान झाले, त्या मला दाखवाल का, आणि याशिवाय माझ्या डोळ्यात किंवा मेंदूत दुसरा कोणता आजार आहे का? शेवटचा प्रश्न महत्त्वाचा आहे, कारण चष्म्याचा खरा नंबर, मायग्रेन, जुना तिरळेपणा किंवा मल्टिपल स्क्लेरोसिस (मेंदू व मज्जारज्जूतील नसांच्या आवरणाचा आजार) यांच्या जोडीनेही कार्यात्मक लक्षणे येऊ शकतात आणि दोन्हींवर स्वतंत्र उपचार करावे लागतात.

खूण प्रत्यक्ष पाहिल्याने काय घडते, हे समजून घ्यावे. एक डोळा झाकताच दुसरा पूर्ण बाहेर वळतो, हे रुग्णाने स्वतःच्या व्हिडिओत पाहिले, की नस लुळी नाही हे त्याला स्वतःलाच पटते. एडिंबरा येथील मेंदूविकारतज्ज्ञ जॉन स्टोन यांनी खुणा दाखवून निदान समजावण्याची पद्धत रूढ करण्यासाठी मोठे काम केले आहे आणि रुग्णांसाठी एक विनामूल्य संकेतस्थळही चालवले आहे. रुग्णाला न सांगता शून्य नंबरचा चष्मा किंवा साध्या पाण्याचे थेंब देऊन ‘बरे करण्याचा’ मार्ग मला योग्य वाटत नाही. त्याने एखादा दिवस फरक पडेलही, पण नंतर खरे कळल्यावर डॉक्टरांवरचा विश्वास उडतो आणि लक्षणे परत येतात.

घरी काय करावे

घरच्यांनी सर्वप्रथम परीक्षा घेणे थांबवावे. ‘ही किती बोटे?’, ‘आता दिसतंय का?’ असे तासातासाला विचारल्याने लक्ष पुन्हा त्याच तक्रारीवर खिळते, आणि या विकारात लक्ष खिळणे हेच लक्षण टिकवून ठेवते. रुग्णानेही आरशात किंवा मोबाईलच्या कॅमेऱ्यात डोळे पुन्हा पुन्हा पाहू नयेत.

त्याऐवजी दृष्टी नकळत वापरली जाईल अशी कामे हळूहळू वाढवावीत. भाजी किंवा तांदूळ निवडणे, चेंडू झेलणे, अंगणात रांगोळीचे ठिपके मांडणे, ओळखीच्या रस्त्याने कोणाशी तरी गप्पा मारत चालणे ही चांगली कामे आहेत, कारण त्यात लक्ष डोळ्यांवर नसते आणि डोळे आपले काम करतात. गॅस, विळी, गच्ची आणि रहदारी यांबाबत मात्र सावध राहावे. घरात वावरताना सतत हात धरून नेऊ नये. दाराशी, जिन्याशी आधार द्यावा आणि बाकीच्या ठिकाणी माणसाला स्वतः चालू द्यावे.

जवळ पाहण्याची आकडी आली, तर एक डोळा तळहाताने हलकेच झाकावा, दुसऱ्या डोळ्याने खिडकीबाहेरचे दूरचे झाड किंवा इमारत पाहावी आणि श्वास सावकाश सोडावा. डोळे ताणून ‘सरळ करण्याचा’ प्रयत्न केला की आकडी वाढते. आकडी वारंवार येत असेल, तर डॉक्टर काही काळ फोकस सैल करणारे थेंब आणि जवळच्या वाचनासाठी वेगळा चष्मा देतात. थरथरीच्या वेळी कोणाशी बोलत राहणे, पावले मोजत चालणे किंवा गाण्याची ओळ म्हणणे यांनी अनेकांना आराम पडतो. आपल्याला कशाने पडतो, हे शांत वेळी शोधून ठेवावे.

प्रकाश सहन न होणाऱ्यांनी घरात काळा गॉगल लावण्याची सवय लावून घेऊ नये. डोळे अंधाराला सरावतात आणि साधा उजेडही टोचू लागतो. ज्यांनी आधीच सवय लावून घेतली आहे, त्यांनी एकदम काढून न टाकता काही आठवड्यांत काच फिकी करत जावे आणि दररोज थोडा वेळ विनागॉगल राहावे. बाहेर कडक उन्हात तो वापरण्यास हरकत नाही.

एफएनडीवर स्वतंत्र अशी एखादी गोळी नाही. मायग्रेन, निद्रानाश, चिंता किंवा नैराश्य सोबत असेल, तर त्यांचे उपचार जरूर घ्यावेत, कारण ते सुधारले की डोळ्यांच्या तक्रारीही बहुधा सैल पडतात. विचार आणि वर्तन यांवर काम करणारी सीबीटी ही समुपदेशनाची पद्धत अनेकांना उपयोगी पडते. मानसोपचारतज्ज्ञांकडे पाठवणे म्हणजे तक्रार खोटी ठरवणे नव्हे, हे घरातील वडीलधाऱ्यांना समजावून सांगावे लागते. गावात अशी सोय नसेल, तर केंद्र सरकारची टेली-मानस ही दूरध्वनी सेवा 14416 या क्रमांकावर मराठीतही उपलब्ध आहे.

मुलांच्या बाबतीत

शाळकरी मुलांत, विशेषतः साधारण 9 ते 13 या वयात, फळ्यावरचे न दिसणे किंवा दृष्टिक्षेत्र आक्रसणे अशा कार्यात्मक तक्रारी वारंवार आढळतात. पूर्ण तपासणी होऊन आजार नाही हे कळल्यावर बहुतेक मुले काही आठवड्यांत किंवा महिन्यांत सुधारतात. मुलाला ‘तुझे डोळे निरोगी आहेत, ते हळूहळू पूर्ववत काम करू लागतील’ एवढे साध्या शब्दांत आणि खात्रीने सांगावे. शिक्षा, आमिष आणि सर्वांसमोर विचारणा या तिन्ही गोष्टी टाळाव्यात. शाळा बुडू देऊ नये. वर्गशिक्षकांना भेटून पुढच्या बाकावर जागा आणि परीक्षेत थोडा सैल वेळ मागावा. अभ्यास झेपतो का, वर्गात कोणी त्रास देते का, घरात भांडणे आहेत का, हे मुलाशी एकट्याने आणि घाई न करता बोलून जाणून घ्यावे. मुलाला कोणी इजा करत असल्याची शंका आली, तर 1098 या बालसाहाय्य क्रमांकावर कळवावे.

नोकरी, गाडी आणि पुढील तपासण्या

लक्षणे असेपर्यंत दुचाकी किंवा चारचाकी चालवू नये आणि उंचावरची किंवा यंत्रांची कामे करू नयेत. कामाच्या ठिकाणी सांगायचे झाल्यास ‘दृष्टीशी संबंधित चेतासंस्थेचा विकार असून उपचार चालू आहेत’ असे डॉक्टरांकडून लिहून घ्यावे. दीर्घ रजेपेक्षा कमी तासांचे काम आणि अधूनमधून डोळ्यांना विश्रांती यांचा अधिक फायदा होतो. विमा कंपनीने मानसोपचाराचे कारण देऊन दावा नाकारला, तर 2017 च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याकडे लक्ष वेधावे. शारीरिक आजारांसाठी ज्या आधारावर विमा दिला जातो, त्याच आधारावर मानसिक आजारांच्या उपचारांसाठीही तो द्यावा, असे त्या कायद्याच्या कलम 21 मध्ये म्हटले आहे.

निदानानंतर सर्व तपासण्या एकाच डॉक्टरांच्या देखरेखीखाली ठेवाव्यात आणि त्यांनी दिलेल्या तारखांना जावे, बरे वाटत असले तरी. पूर्वी नसलेले लक्षण उद्भवले, जुन्या लक्षणाचे स्वरूप बदलले किंवा वर सांगितलेल्या तातडीच्या खुणांपैकी एखादी दिसली, तर तारखेची वाट न पाहता तपासून घ्यावे आणि नव्या डॉक्टरांना आधीचे निदान व ते ज्या खुणांवरून झाले त्यांची लेखी नोंद दाखवावी. सुधारणा सहसा सरळ चढत जात नाही. दमल्यावर, आजारपणात किंवा ताणाच्या काळात लक्षणे पुन्हा डोके वर काढतात, तेव्हा ज्या उपायांनी पहिल्यांदा उतार पडला होता, तेच उपाय पुन्हा सुरू करावेत.